गिरणीचा घास

आमच्या घरातला भात कधीच एकसारखा शिजला नाही. काही शितं गळून लगदा व्हायची, काही अख्खी राहायची आणि काही दाताखाली आली की कचकन मोडायची. लहानपणी मला वाटायचं, भात असाच असतो. कडावला आमची भातगिरणी होती, आसपासच्या गावांत तेवढी एकच. आई रोज सकाळी सूप घेऊन ओटीवर बसायची आणि तांदूळ निवडायची. खडे नव्हे, ती दाण्यांचे प्रकार निवडायची. बारीक कोलम एकीकडे, जाडा एकीकडे, झिणी तिसरीकडे. अर्धा तास हे चाले, मग आधणाला उशीर होतो म्हणून ती सगळे ढीग हाताने पुन्हा एक करून टाकायची. मी एकदा विचारलं, "मग निवडतेस कशाला?" ती म्हणाली, "बघते गं, जमतं का." ते उत्तर मी तेव्हा सोडून दिलं. आईची बरीच उत्तरं मी अशी सोडून दिली आणि नंतर एकेक करून उचलावी लागली.

गिरणी घराला लागूनच होती, मधे फक्त एक कुडाची भिंत. डिझेल इंजिनाचं टुक-टुक सकाळी आठला सुरू व्हायचं आणि दुपारी जेवणापुरतं थांबायचं. ते थांबलं की घरात सगळे मोठ्याने बोलत असायचे आणि मग एकमेकांकडे बघून आवाज खाली आणायचे. कोंड्याची धूळ सगळीकडे बसे. दोरीवर वाळत घातलेलं पांढरं पातळ संध्याकाळी बदामी होऊन घरात यायचं. आई त्या मिसळलेल्या तांदळाची भाकरी मात्र अप्रतिम करायची, वालाच्या बिरड्याबरोबर किंवा सुकटीबरोबर. पीठ झालं की कुठला दाणा कुणाचा हे कळत नाही.

माझ्या वडिलांना सगळे भाऊ म्हणत, मीही. भाऊ वाईट माणूस नव्हते, हे आधीच सांगून टाकते, कारण पुढचं वाचून कोणाला तसं वाटेल. डोंगरातल्या वाडीवरून डोक्यावर भाताचं ओझं घेऊन आलेल्या बाईला ते आधी पाणी विचारायचे, मग भात कुठलं ते. प्रत्येकाचं नाव, पोराबाळांची नावं, कोणाची म्हैस आटली, सगळं तोंडपाठ. हनुमानजयंतीला गावजेवण आमच्याकडून असे आणि भाऊ स्वतः पंगतीत भात वाढत फिरत. लोक म्हणायचे, "भाऊंचा हात मोठा हाय."

गिरणी चालवायला मी नवव्या वर्षी शिकले. मला भाऊ-बहीण नव्हतं, त्यामुळे गिरणी माझीच होणार हे घरात कोणी ठरवलं नव्हतं, ते ठरलेलंच होतं. वरच्या तोंडातून भात ओतायचं. खाली तोटीतून तांदूळ लाकडी घसरणीवर पडे आणि घसरत गिऱ्हाइकाच्या पोत्यात जाई. हे यंत्र एका लाकडी चौथऱ्यावर बसवलेलं होतं. चालवणारा जिथे उभा राहतो तिथे, उजव्या पायाखाली, एक फळी होती. बघणाऱ्याला ती चौथऱ्याचाच भाग वाटे. ती दाबली की घसरणीचा एक तुकडा बोटभर खाली झुकायचा आणि तांदळाची धार दुभंगायची. अर्धी पोत्यात, अर्धी चौथऱ्याच्या पोटात. भाऊंनी मला सांगितलं, "गिरणीला पण भूक लागते, शकू. प्रत्येकाच्या भातातला एक घास तिचा. नाय दिला तर पट्टा तुटतो." किती वेळ दाबायचं हेही शिकवलं. आमच्याकडे धान्य मोजताना पहिल्या मापाला एक म्हणत नाहीत, लाभ म्हणतात. तसंच मनात मोजायचं: लाभ, दोन, तीन, आणि पाय उचलायचा. मोठ्या पोत्याला दोनदा. संध्याकाळी चौथऱ्याची मागची फळी काढून भाऊ पोटातला तांदूळ टोपलीत भरत आणि तो घरात येई.

गिऱ्हाइकांनाही ठाऊक होतं की गिरणी खाते. "एवढाच कसा आला?" असं कोणी विचारलंच, तर शेजारचा सांगायचा, "गिरणी खाती रं थोडं. यंत्र हाय ते." यंत्रात खरंच मूठ-दोन मुठी अडकून राहतात. त्या मूठ-दोन मुठींच्या आडोशाला आमचं घर उभं होतं. मला फळी म्हणजे चोरी असं कोणी सांगितलं नव्हतं, आणि फळीबद्दल बाहेर बोलू नको असंही कोणी सांगितलं नव्हतं. तरी मी कधी बोलले नाही. यावरून मला किती कळत होतं ते ज्याचं त्याने ठरवावं.

यशवंत आमच्याकडे आला तो इंजिनासाठी. ओढ्यापलीकडे बौद्ध वस्ती होती, तिथल्या सोनाबाईचा हा मुलगा. खोपोलीला एका कारखान्यात फिटर होता, तिथेच खोली घेऊन राहायचा आणि रविवारी आईकडे यायचा. इंजिन म्हातारं होतं, त्यामुळे दर दोन-तीन रविवारांनी त्याला निरोप जाई. पहिल्या दिवशी आईने त्याला काचेच्या ग्लासातून चहा दिला. घरातल्या कपबशा फळीवरच राहिल्या. तिसऱ्या वेळी त्याने पिशवीतून स्वतःचा मग काढला आणि सरळ आवाजात म्हणाला, "ह्यात द्या मावशी. ग्लास वेगळा विसळायचा त्रास नको तुमाला." आईचे कान लाल झाले. चौथ्या वेळी त्याला कपबशीतून चहा आला. तो बशीत ओतून फुर्र करून प्यायला आणि मला म्हणाला, "मालकीणबाई, प्रगती हाय."

मी तेव्हा वीस वर्षांची होते आणि डोक्यात पुष्कळ गोष्टी होत्या. कर्जतला शिवणक्लासला जात होते, वर्तमानपत्र वाचत होते, आणि गिरणी आपल्या हातात आली की डोंगरातल्या बायांचं भात फुकट भरडून द्यायचं असे बेत करत होते. यशवंत ऐकून घ्यायचा. त्याचं सगळं लक्ष आवाजाकडे असे. इंजिन चालू करून डोळे मिटून उभा राहायचा आणि सांगायचा, "उजवीकडची बेअरिंग जाणार, पंधरा दिवस." आणि ती जायची. "लोखंड खोटं बोलत नाय," तो म्हणायचा, "माणसाचं मला कळत नाय तेवढं." मी म्हणाले, "माझं काय ऐकू येतं?" तो म्हणाला, "तुजं सध्या बरं चाललंय. तेल घालायला पायजे अधूनमधून." मला इतकं हसू आलं की भाऊंनी पलीकडून विचारलं काय झालं. प्रेमाची भाषा म्हणून आमच्यात एवढंच झालं. शिवणक्लासच्या नावाखाली मी चार-पाच वेळा खोपोलीला गेले. स्टँडसमोर मिसळ खाल्ली, घाटातून खाली येणारे वीजघराचे मोठे नळ बघितले. लग्न नोंदणी करून करायचं, आधी घरी सांगायचं, पळून जायचं नाही, हे आम्ही मिसळ खाताना ठरवलं. दोघेही व्यवहारी होतो.

त्या वर्षी श्रावणात सोनाबाईने मला जेवायला बोलावलं. सारवलेली स्वच्छ जमीन, भिंतीवर बाबासाहेबांची तसबीर, आणि पितळीत भात, डाळ, तळलेलं सुकं बोंबील. भाताला तांबूस झाक होती आणि वाफेला एक वास होता, गवत उन्हात तापलं की येतो तसा. मी पहिला घास घेतला आणि थांबले. प्रत्येक शीत सारखं शिजलेलं होतं. मी दुसरा घास घेतला, तिसरा घेतला. कुठेही कच्चं नाही, कुठेही लगदा नाही. विसाव्या वर्षी मी पहिल्यांदा नीट भात खात होते, तोही गिरणीवाल्याची मुलगी असून. मला सोनाबाईशी काहीतरी आपुलकीचं बोलायचं होतं. मी म्हणाले, "हा तांदूळ मी ओळखते मावशी. आमच्या भातात पण असतो, लाल लाल, एखादा-दुसरा. मी लहानपणी ते दाणे वेचून आधी खायची."

सोनाबाईचा वाढायचा हात तसाच राहिला. ती यशवंतकडे बघत नव्हती, माझ्याकडेही नाही. मग म्हणाली, "ह्ये बियानं माज्या माहेरचं हाय बाय. पीक कमी येतं म्हनून हितं दुसरं कोनी लावत नाय. आमच्याच तुकड्यात असतं." आणि थोड्या वेळाने, अगदी सहज, "घे ना गं आनखी. लाजू नको."

यशवंत जेवता जेवता थांबला होता. पुढच्या रविवारी तो इंजिनासाठी बोलावलं नसताना आला, भाऊ बाजारात गेलेत हे बघून. चौथऱ्यावर माझ्या जागेवर उभा राहिला, पायाने चाचपलं आणि फळी दाबली. मग खाली वाकून मागची फळी काढली, मूठभर तांदूळ बाहेर घेतला, तळहातावर पसरला. पांढरे, पिवळट, बारीक, जाडे. "कवापासून?" त्याने विचारलं. मी म्हणाले, "नवव्या वर्षापासून." त्याने गिरणीबद्दल विचारलं होतं. मी माझ्याबद्दल सांगितलं.

भाऊंशी मी त्याच संध्याकाळी बोलले, फळीचं आणि लग्नाचं, दोन्ही एकदम. मला वाटलं होतं ते चिडतील. ते चिडले नाहीत. त्यांनी पान लावलं, मला समोर बसवलं. "कोन उपाशी मेलंय का माज्या घासानं?" ते म्हणाले. "हनुमानजयंतीला कुठला तांदूळ शिजतो? त्योच. त्यांचाच त्यांना वाढतो मी, वर पुन्य मिळतं. तुजा क्लास, तुज्या साड्या, ह्ये छप्पर... नुसत्या भरडाईवर झालं असतं?" मग त्यांनी आवाज आणखी मऊ केला. "तुला तो फिटर पायजे ना? कर लग्न. मी आडवा येनार नाय. जातबीत मी बगत नाय शकू, आपल्याकडं सगळ्यांचा तांदूळ एकाच पोटात जातो. पन त्यानं खोपोली सोडायची आन् हितं ऱ्हायचं. गिरनी आहे तशी चालंल." आई स्वयंपाकघराच्या दारात उभी होती. ती एवढंच म्हणाली, "ह्या घरात भात कदी एकसारखा शिजला नाय, शकू." भाऊ म्हणाले, "तू आत जा."

मी हे यशवंतला आनंदाने सांगितलं. आज लिहिताना लाज वाटते, पण आनंदानेच. जातीसाठी अडवतील म्हणून मी रात्रंदिवस घाबरले होते आणि भाऊंनी ते दार स्वतः उघडलं होतं. बाकीचं हळूहळू बदलता येईल. यशवंत हसला, पण ते हसू वरवरचं होतं. "तुजे वडील जावई नाय शोधत," तो म्हणाला, "झाकन शोधतायत." मग त्याने त्याची अट सांगितली, आणि ती फार लहान होती. दिवाळीनंतर नवं भात आलं की तो आईचं पोतं घेऊन येईल. मी चालवायचं, पाय बाजूला ठेवून. पोतं भरलं की चारचौघांत मोठ्याने म्हणायचं, एवढ्या भाताचा एवढा तांदूळ येतो, ह्याच्याहून कमी येत नसतो. बास. भाषण नको, भाऊंचं नाव नको. लोक काय ते समजतील आणि पुढच्या पोत्यापासून भाऊंनाही फळी वापरता येणार नाही. "तेवढं कर," तो म्हणाला, "मग खोपोली सोडतो. तुमच्या गिरनीत जन्मभर इंजिन पुसत बसतो." मी म्हणाले, "दिलं वचन." त्याने माझ्या उजव्या पायाकडे बघितलं आणि म्हणाला, "त्याला पन सांग."

नव्या भाताचे पहिले दिवस म्हणजे आमच्याकडे जत्राच. ओटा माणसांनी भरलेला, बाया कोंड्याने बदामी झालेल्या, एकमेकींच्या भाताला नावं ठेवत. भाऊ धुवट धोतर नेसून दारात उभे. सोनाबाई आणि यशवंत सकाळी दहाच्या सुमारास आले; पोतं त्याच्या खांद्यावर. तो समोर उभा राहिला, इंजिनाकडे कान देऊन, डोळे अर्धवट मिटून. मी भात ओतलं. लाल तांदूळ घसरणीवरून पोत्यात पडायला लागला, सर्र आवाज करत. माझा पाय बाजूला होता. मी खरंच बाजूला ठेवला होता.

तेवढ्यात भाऊ आत आले. त्यांनी माझ्याकडे रोखून बघितलं नाही, डोळ्याने खूण केली नाही. कडावचेच एक म्हातारे त्यांच्याबरोबर होते, त्यांना ते सांगत होते, "ही माजी पोरगी. मुलगा नाय याचं मला कदी वाईट वाटलं नाय बगा. हिच्या हाताला बरकत हाय." आणि ते माझ्याकडे बघून हसले, माझ्यावर पूर्ण भरवसा असल्यासारखे.

मी फळी दाबली. लाभ, दोन, तीन.

सवयीने पाय पडला असं मी पुढे आईला सांगितलं, आणि बरीच वर्षं स्वतःलाही. ते खरं नाही. मला फळी पायाखाली लागली, मी कोणाच्या भातावर उभी आहे हे मला माहीत होतं, आणि त्या माणसाला त्याच्या गिऱ्हाइकांसमोर, त्याचं हसू अजून तोंडावर असताना, उघडं पाडायचं माझ्याने झालं नाही. मला वाटलं, एकदाच. मला वाटलं, पोत्यांच्या आड माझा पाय कोणाला दिसत नाही. पाय उचलल्यावर मी वर बघितलं. यशवंत माझ्याकडेच बघत होता. मी त्याच्याकडे बघून हसले. झालं, वचन पाळलं, अशा अर्थाचं.

पोतं भरून बाजूला झालं.  मोठ्याने म्हणायचं ते वाक्य मी म्हटलं नाही. सोनाबाईने पोत्याचं तोंड आवळलं, हाताने अंदाज घेतला. यशवंत जागचा हलत नव्हता. तिने त्याच्या दंडाला हात लावला आणि म्हणाली, "चल रं. गिरनीला भूक लागतेच." तिच्या आवाजात टोमणा नव्हता. असता तर बरं झालं असतं. त्याने पोतं खांद्यावर घेतलं आणि दोघं ओढ्याच्या बाजूने गेली. माझ्यापुढे पुढचं पोतं आलं होतं.

आठ दिवसांनी मी खोपोलीला गेले. तो कारखान्याच्या फाटकाबाहेर भेटला, डबा हातात होता. मी आवाजाबद्दल काहीच विचारलं नव्हतं, तरी त्यानेच सांगितलं. "पोत्यात पडताना सर्र वाजत होतं. मग मधीच पातळ झालं. तीन मोजंपर्यंत." मी म्हणाले, "भाऊ समोर आले. मला नाही जमलं." "ते मला कळतंय," तो म्हणाला. "पाय दाबलास त्याचं नाय गं काय. बाप हाय तुजा. दाबलास, आन् वर माज्याकडं बगून हसलीस." आत जायची वेळ झाली होती. तो दोन पावलं गेला, परत आला, माझ्या पदरावर कोंडा होता तो त्याने बोटाने झटकला आणि गेला. पुढल्या महिन्यात त्याने गुजरातकडे नोकरी धरली. लग्न केलं, तिकडेच राहिला. सोनाबाईनेच हे आईला बाजारात सांगितलं, चांगल्या शब्दांत.

सोनाबाईने त्यानंतर आमच्याकडे भात आणलं नाही. तिने कोणाकडे तक्रारही केली नाही. ती साठीची बाई घरीच उखळात भात कांडायला लागली. दुपारी जेवणापुरतं इंजिन थांबलं की ओढ्यापलीकडून मुसळाचा आवाज यायचा. आम्ही तिघं पाटावर बसलेलो असायचो. पूर्वी इंजिन थांबलं की आम्ही मोठ्याने बोलत असायचो; आता कोणी बोलत नसे. भाऊ ताटाकडे बघून जेवायचे. त्या वर्षापासून आमच्या भातातला लाल दाणा नाहीसा झाला.

भाऊ चार वर्षांनी गेले. दिवस होऊन गेल्यावर मी पहार घेतली आणि फळी, घसरण, चौथरा, सगळं उचकटलं. नवा चौथरा सिमेंटचा केला. लोकांना पोत्यात जास्त तांदूळ यायला लागला तर त्यांना आनंद होईल अशी माझी समजूत होती. ते संशयाने बघायचे. एका म्हाताऱ्याने तर विचारलं, "भाऊंच्या मागारी गिरनी खाईनाशी झाली का गं? आजारी-बिजारी न्हाय ना?" मी वीस वर्षं ती सचोटीने चालवली. लग्न केलं नाही. लोक समजतात तसं काही नाही, गिरणीला वेळ फार लागतो. चौथरा काढल्याचं मी सोनाबाईला जाऊन सांगितलं. ती म्हणाली, "बरं केलंस बाय." चहा दिला. भात मात्र तिने शेवटपर्यंत घरीच कांडलं, आणि ती गेली तेव्हा तिचा तुकडा कोणीतरी घेतला आणि त्यात जया हे जास्त पिकणारं भात लावलं.

एक गोष्ट राहिली. चौथरा उचकटला तेव्हा त्याच्या सांध्यांत, फटींत, वर्षानुवर्षांचा तांदूळ अडकलेला सापडला. मी बसून तो निवडला, आई निवडायची तसा, आणि लाल दाणे वेगळे काढले. ओंजळसुद्धा भरली नाही. मी गिरणीवाल्याच्या घरात जन्मलेली, भरडलेला तांदूळ रुजत नाही हे मला शाळेत जायच्या आधीपासून माहीत होतं. तरी तेलाच्या रिकाम्या डब्यात माती भरली, दाणे टाकले, आणि रोज सकाळी गिरणी सुरू करायच्या आधी पाणी घातलं. एकवीस दिवस घातलं. बाविसाव्या दिवशी डबा उपडा केला, माती परसात टाकली आणि डबा घासून डिझेलला घेतला.